माझं नाव गोदावरी (एक्स्प्रेस नव्हे!)

माझं नाव सांगितलं की समोरच्याची पहिली रिअॅक्शन ठरलेली असते. 'काय? गोदावरी? खरंच?' मग छोटासा पॉज. मग चेहऱ्यावर सहानुभूतीचं हसू. आणि शेवटी, 'पण किती वेगळं नाव आहे नाही!' आता या 'वेगळं'चा अर्थ मला चांगलाच कळतो. पहिल्यांदा केलेल्या भाजीला, नव्या हेअरकटला आणि माझ्या नावाला लोक 'वेगळं' म्हणतात, तेव्हा त्यांना 'छान' म्हणायचं नसतं!

शाळेत आमच्या वर्गात चार पूजा, तीन स्नेहल आणि दोन प्रियांका होत्या. त्यांना आडनावानं ओळखावं लागायचं. मी मात्र एकटीच. हजेरीत माझं नाव आलं की मागच्या बाकावरून 'कुऽऽक' अशी शिट्टी यायची. मनमाडहून मुंबईला जाणारी गोदावरी एक्स्प्रेस तेव्हा समस्त नाशिककरांच्या घरचीच होती ना! 'आज लेट का गं?' 'इगतपुरीला थांबतेस का?' हे रोजचंच. पावसाळ्यात तर विचारूच नका. 'गोदावरीने धोक्याची पातळी ओलांडली' ही पेपरातली हेडलाइन कापून कुणीतरी माझ्या डब्यावर चिकटवली होती. (मी तेव्हा जरा गुटगुटीत होते, हे वेगळं सांगायला नकोच.)

नोकरी लागली तरी सुटका नव्हती. २०१६ मध्ये पाडव्याच्या सुमारास रामकुंड कोरडं पडलं होतं. मी नेमकी तेव्हाच डाएटवर होते. 'गोदावरी आटली' हा जोक अख्ख्या अंबडच्या ऑफिसात फिरला. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये मोठा पूर आला, दुतोंड्या मारुती पाण्यात गेला आणि माझं डाएटही वाहून गेलं. पुढचा जोक तुमचा तुम्हीच करा!

कॉन्फरन्स कॉलवर परदेशी क्लायंट 'गो... डा...' पर्यंत यायचा आणि अडकायचा. शेवटी आमच्या टीम लीडनंच तोडगा काढला, 'जस्ट कॉल हर जीडी.' मग काय, ई-मेलच्या सहीत मी जीडी, केकवर जीडी, व्हॉट्सअॅप ग्रुपवर जीडी. अख्ख्या नदीची दोन अक्षरं झाली आणि खरं सांगते, मला हायसं वाटलं.

घरी मात्र आजी होती. तिचा आवाज खणखणीत. 'गोदे, चहा टाक.' 'गोदे, माझी औषधाची डबी बघ.' 'गोदे, दारात कोण आलंय?' दिवसातून वीस वेळा. कुणी मित्र घरी आला असेल तर जरा जास्तच मोठ्यांदा. 'आजी, हळू ना गं!' मी चिडायचे. ती हसायची आणि परत हाक मारायची, 'गोदे!'

हे नाव ठेवलंही तिनंच. माझा जन्म १९९२ चा. बारशाला आत्यानं 'श्वेता' हे नाव ठरवून आणलं होतं. पेढ्याच्या बॉक्सवरसुद्धा तेच लिहिलेलं. आत्या पाळण्यावर वाकली, आता कानात कुर्रर्र करणार, तेवढ्यात आजी म्हणाली, 'हिचं नाव गोदावरी.' आजीनं आयुष्यात कधी कुणाकडे काही मागितलं नव्हतं. त्यामुळे कुणी काही बोललंच नाही. 'आपण गंगेकाठची माणसं, म्हणून ठेवलं असेल,' असं आई सांगायची. (नाशकात आम्ही गोदावरीला गंगाच म्हणतो. आम्ही 'गंगेवर' जाऊन येतो, आमचा गंगापूर रोड, आमचं गंगापूर धरण.) मला ते स्पष्टीकरण कधी पटलं नाही. गावातल्या नदीवरून मुलीचं नाव ठेवायचं, मग मुलाचं काय 'रविवार कारंजा' ठेवणार का?

फुकटात नवीन नाव

२०१९ मध्ये माझं लग्न ठरलं. मुलगा सातपूरच्या कंपनीत, स्वभावानं शांत, गंगापूर रोडला घर. बोलणी चालू असताना होणाऱ्या सासूबाईंनी सहज विचारलं, 'आमच्याकडे सुनेचं नाव बदलायची पद्धत आहे. तुझं काय ठेवायचं?'

माझ्या मैत्रिणींनी हे ऐकलं आणि त्या पेटल्याच. 'कुठल्या काळात राहतात हे लोक?' 'तू स्पष्ट नाही म्हणून सांग!' आणि मी? मला तर लॉटरी लागल्यासारखं झालं होतं. राजपत्राची भानगड नाही, कुणाची नाराजी नाही, उलट सासरचे खूश. सगळ्यांच्या आशीर्वादानं या नदीतून बाहेर पडायची संधी! मी एक्सेल शीटच बनवली. गार्गी, मुक्ता, ईशा, सई. प्रत्येकीसमोर मार्क. गार्गी आघाडीवर होती.

त्या संध्याकाळी मी लॅपटॉप घेऊन आजीजवळ बसले. 'आजी, तुला यातलं कुठलं आवडतं?' तिनं चष्मा लावला. यादी वाचली. चष्मा काढला.

'माझं नाव माहितीय का तुला?' तिनं विचारलं.

'हो. सुशीला.'

'ते तांदळातलं. खरं विचारतेय मी.'

ही सुशीला कोण?

आजीचं माहेर चांदोरीचं, निफाड तालुक्यातलं, अगदी गोदावरीच्या काठचं. १९५६ साली ती लग्न होऊन जुन्या नाशकातल्या वाड्यात आली. वय सोळा. उंबऱ्यावरचं माप ओलांडलं, देवघरापुढे बसवलं. समोर ताटात तांदूळ पसरलेले. आजोबांनी अंगठीनं त्यात नाव काढलं.

'मी चौथी शिकलेली,' आजी म्हणाली. 'वाचता यायचं मला. वाचलं तर सुशीला. मला वाटलं, ही सुशीला कोण? घरात अजून कुणी नवी सून आलीय की काय?'

तिचं माहेरचं नाव होतं गोदावरी. पंचाईत अशी झाली की तिच्या सासूबाईंचं नावही गोदावरीच होतं. आता सुनेला हाक कशी मारायची? 'गोदे, भांडी घास' म्हटलं तर ते सासूलाच म्हटल्यासारखं व्हायचं. 'एका घरात दोन नद्या कशा वाहतील?' असं कुणीतरी म्हणालं, सगळे हसले आणि विषय संपला. तिला कुणी विचारलं नाही. विचारायचं असतं, हे तिलाही तेव्हा माहीत नव्हतं.

'पहिले सहा महिने कुणी सुशीला म्हणून हाक मारली तर मी वळायचेच नाही. लोकांना वाटलं, पोरगी बहिरी निघाली.' हे सांगताना ती हसत होती.

फक्त तिचा भाऊ तिला जुन्या नावानं हाक मारायचा. भाऊबीजेला चांदोरीहून यायचा आणि दारातूनच ओरडायचा, 'गोदे!' वर्षातून एकदा. पस्तीस वर्षं.

'मामा १९९१ ला गेला,' ती म्हणाली. 'मग हाक मारणारं कुणी राहिलं नाही.'

पुढचं गणित मला करता येत होतं. मी जन्मले १९९२ ला.

मी काही बोलले नाही. दिवसातून वीस वेळा मारलेल्या त्या सगळ्या हाका मला आठवत होत्या. इतकी वर्षं मला वाटत होतं, त्या फक्त माझ्यासाठी आहेत. मी लॅपटॉप बंद केला आणि स्वयंपाकघरात जाऊन चहा टाकला. तिनं न सांगता.

नद्यांच्या लेकी

दुसऱ्या दिवसापासून मी माझ्याच नावाच्या मागे लागले. आधी गुगल, मग आमचं १८४० पासूनचं सार्वजनिक वाचनालय. लग्नाची खरेदी एकीकडे, हे एकीकडे.

नावामागची गोष्ट नाशकातल्या प्रत्येक मुलानं ऐकलेली असते. ब्रह्मगिरीवर गौतम ऋषींचा आश्रम. शेतात शिरलेल्या गायीला त्यांनी दर्भाच्या काडीनं हाकललं आणि ती गतप्राण झाली. त्या पातकातून सुटण्यासाठी त्यांनी तप केलं, शंकरानं जटेतली गंगा सोडली, तीच ही गोदा किंवा गौतमी. 'गो' म्हणजे गाय हे आपल्याला माहीत असतं. पण संस्कृतात 'गो'चा अर्थ पृथ्वी, वाणी, किरण आणि पाणी असाही होतो, आणि 'दा' म्हणजे देणारी. थोडक्यात काय, तर देणारी. आता 'जीडी'चा फुल फॉर्म कुणी विचारला तर माझ्याकडे भारी उत्तर होतं!

आणखी एक गंमत सापडली. सातवाहनांच्या काळाशी जोडलेला, हाल राजाच्या नावानं ओळखला जाणारा गाथासप्तशती हा प्राकृत ग्रंथ. त्यात गोदावरीचं नाव येतं 'गोला'. इतक्या जुन्या काळात लोकांनी तिचं लाडाचं नाव पाडलं होतं. म्हणजे आमच्या टीम लीडनं काही नवीन शोध लावला नव्हता.

पण खरा धक्का पुढे होता. आजीसारख्या अजून किती जणी, म्हणून मी शोधायला लागले. महर्षी कर्व्यांशी १८९३ साली पुनर्विवाह केला, त्या आनंदीबाई म्हणजेच बाया कर्वे. माहेरचं नाव? गोदू! १८८६ मध्ये अमेरिकेत डॉक्टर झालेल्या आनंदीबाई जोशी माहेरी यमुना होत्या. न्यायमूर्ती रानड्यांच्या रमाबाई? त्याही यमुनाच. आपल्या नाशिकजवळच्या जलालपूरला जन्मलेल्या, 'स्मृतिचित्रे' लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळक माहेरी मनकर्णिका, म्हणजे मनू. झाशीची राणी लक्ष्मीबाईसुद्धा मनकर्णिका. आणि मणिकर्णिका म्हणजे काशीचा, गंगेवरचा घाट.

बघा ना. गोदू, यमुना, यमुना, मनू, मनू. पाचही जणी पाण्याच्या नावाच्या. आणि लग्नानंतर झाल्या आनंदी, रमा, लक्ष्मी. जणू वाहत्या पाण्याला कुणी घरात आणून देव्हाऱ्यात बसवलं.

तेव्हा लग्नात कुठलंही नाव बदललं जायचं, फक्त नद्यांचीच नाही, हे मला कळतं. पण मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात चक्क एक यादी आहे, कुठल्या नावाच्या मुलीशी लग्न करू नये याची. नक्षत्राचं नाव नको, झाडाचं नको, डोंगराचं नको, पक्ष्याचं नको आणि नदीचंही नको! हे वाचलं तेव्हा मी वाचनालयात एकटीच फिसकन हसले. म्हणजे मॅट्रिमोनी साइटचे फिल्टर किती जुने आहेत बघा. गंमत म्हणजे आपल्या आज्या-पणज्यांच्या आईबापांनी ही यादी सरळ धाब्यावर बसवली. गंगा, यमुना, कृष्णा, कावेरी, नर्मदा, गोदावरी... एकेका वाड्यात अख्खा भारताचा नकाशा नांदायचा. ज्या नदीचं पाणी पितो, तिचं नाव लेकीला द्यायचं, इतकं साधं होतं ते.

मग एक अशी गोदावरी भेटली, जिचं नाव टिकलं. गोदावरी परुळेकर. पुण्यात १९०७ साली जन्मलेल्या गोदावरी गोखले. कायदा शिकल्या, वारली आदिवासींना वेठबिगारीविरुद्ध उभं केलं, त्यावर 'जेव्हा माणूस जागा होतो' हे पुस्तक लिहिलं आणि त्याला १९७२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. लग्नानंतर आडनाव बदललं, पण गोदावरी राहिली. सोलापूरजवळ विडी कामगार बायकांसाठी दहा हजार घरांची वसाहत झाली, तिला त्यांचंच नाव आहे. तेही कसं? गोदूताई! म्हणजे जे नाव मला डब्यावर चिकटवलेलं नको होतं, ते दहा हजार घरांच्या पत्त्यात आहे.

तुम्ही म्हणाल, मग काय, नाव कधी बदलूच नये का? तसंही नाही. सातारा जिल्ह्यात २०११ मध्ये अडीचशेहून जास्त मुलींची नावं एका कार्यक्रमात बदलली गेली. त्या सगळ्यांचं आधीचं नाव होतं नकोशी किंवा नकुसा. मुलगा हवा असताना मुलगी झाली म्हणून ठेवलेलं. ते नाव टाकून नवं नाव घेताना त्यांना कसं वाटलं असेल, याचा विचार केला की माझी एक्सेल शीट फारच पोरकट वाटते. प्रश्न नाव बदलण्याचा नाहीच. ते कोण बदलतंय आणि जिचं आहे तिला विचारलंय का, एवढाच आहे.

मला तर विचारलं होतं. आणि मी विचार न करताच हो म्हणाले होते.

बरोबर लिहिलंय

सासूबाईंना फोन केला तेव्हा पोटात गोळा आला होता. 'आई, मला माझं नाव ठेवायचंय. गोदावरीच.' पलीकडे शांतता. मला वाटलं, झालं, आता लग्न मोडणार. मग त्या हळूच म्हणाल्या, 'बरं केलंस सांगितलंस. मला कुणी विचारलंच नव्हतं.' त्यांचं माहेरचं नाव काय, ते मी त्या दिवशी पहिल्यांदा विचारलं. ते मी इथे लिहिणार नाही. ते त्यांचं आहे.

(जाता जाता कामाची माहिती. लग्नानंतर नाव किंवा आडनाव बदललंच पाहिजे, असा कुठलाही कायदा नाही. पॅन, पासपोर्ट, बँक, सगळं जुन्या नावानं व्यवस्थित चालू राहतं. नाव बदललंत, तर मात्र या सगळ्या खिडक्यांवर एकेक करून उभं राहायची तयारी ठेवा!)

लग्नात पाठराखीण म्हणून कोण येणार यावर चर्चा चालू होती. आजीनं जाहीर केलं, 'मी जाणार.' वय एकोणऐंशी, गुडघे दुखतायत, डॉक्टर नको म्हणतायत. पण आजीनं आयुष्यात दुसऱ्यांदा काहीतरी मागितलं होतं.

माप ओलांडलं, देवापुढे बसलो. समोर ताट, ताटात तांदूळ. नवऱ्यानं अंगठी हातात घेतली आणि चार अक्षरं काढली. अक्षर म्हणाल तर डॉक्टरलाही लाजवणारं. 'द' तर धड 'ह'सारखा दिसत होता. आजी खुर्चीतून पुढे वाकली. बोट हवेत फिरवत, एकेक अक्षर लावत तिनं मोठ्यांदा वाचलं. गो. दा. व. री.

'बरोबर लिहिलंय,' ती म्हणाली.

मग सगळे नवऱ्याच्या मागे लागले, नाव घे, नाव घे. त्यानं बहुतेक गाडीतच पाठ केलेला उखाणा म्हटला:

सातपूरला शिफ्ट माझी, अंबडला तिची नोकरी,
रविवारी तरी घरी थांब गं गोदावरी!

सगळ्यात जास्त कोण हसलं असेल? आजीच! त्या दिवशी घरात किती जणांनी किती वेळा 'गोदावरी' म्हटलं असेल, त्याची मोजदाद नाही. ती प्रत्येक वेळी मान वळवून बघत होती.

२०२१ मध्ये आजी गेली. पुढच्याच वर्षी 'गोदावरी' नावाचा मराठी सिनेमा आला, नाशकातल्या नदीकाठच्या घराचा, आणि माझं नाव अचानक 'वाव, सो कूल' झालं. आजी असती तर म्हणाली असती, 'तुम्हाला आत्ता कळलं होय!'

२०२४ च्या नोव्हेंबरात आम्हाला मुलगी झाली. जन्माच्या नोंदीसाठी फॉर्म भरायचा होता. त्याच वर्षी मार्चमध्ये महाराष्ट्र सरकारनं निर्णय घेतला होता, की १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव लिहायचं. काउंटरवरचा मुलगा माझ्याहून बराच लहान. मान खाली घालून टाइप करत होता.

'आईचं नाव?'

'गोदावरी.'

त्यानं मान वर केली. 'अहो मॅडम, आजीचं नको, आईचं सांगा.'

'आईचंच आहे,' मी म्हटलं. 'आणि आजीचंसुद्धा. आणि आजीच्या सासूचंसुद्धा. टाका तुम्ही.'

त्यानं टाकलं. 'आणि बाळाचं?'

'रेवा.' म्हणजे नर्मदा.

घरी गेल्यावर सर्टिफिकेट देवघरापुढे ठेवलं आणि एकेक अक्षर लावत मोठ्यांदा वाचलं. रेवा गोदावरी... पुढे नवऱ्याचं नाव आणि आडनाव.

एका घरात दोन नद्या वाहतायत, आजी. मधूनमधून रात्री दोन वाजता पूर येतो, डायपर बदलावा लागतो. बाकी सगळं मस्त चाललंय!